रोख, रोक्क आणि रोखे

खानापूरवाला : पेपरात वाचलं की पायाभूत सुविधांसाठी महापालिकांनी रोखे काढावेत. आमच्या थोरल्या काकांना वाटलं, रोख पैसे वाटणार! बाजारात कन्नडमध्ये ‘रोक्क कोडरी’, म्हणजे पैसे द्या, म्हणायची सवय ना. रोख, रोक्क, रोखा एकच काय हो?

शहापूरकर : रोख आणि रोक्क सख्खे भाऊ, दोन्ही हातातला पैसा. रोखा वेगळ्या घरचा. मूळ अरबी, फारसीच्या वाटेनं आला. हिंदीतला रुक्का तो हाच. अर्थ चिठ्ठी, लेखी कागद. म्हणून कर्जरोखा म्हणजे देणं कबूल केल्याचा कागद. रोख मिळाली तर खिसा भरतो, रोखा लिहून दिला तर डोक्यावर देणं बसतं.

टिळकवाडी : नुसतं ‘रोखे’ लिहिलं तर शेअरही त्यात येतात, रोखेबाजार म्हणतोच की. इथं ‘कर्जरोखे’ हवं. बाँडला ‘बंधपत्र’ही म्हणतात, पण ते नको, ते ऐकलं की डॉक्टरांची खेड्यातली सक्तीची नोकरी आठवते.

खानापूरवाला : पण महापालिका फेडणार कशातून?

शहापूरकर : घरपट्टी, पाणीपट्टी. वसुली आधी एका राखीव खात्यात जाते, तिथून व्याज-मुद्दलाचा हप्ता बाजूला काढतात, उरलेलं महापालिकेच्या हाती. आपल्या देशात पहिले महापालिका कर्जरोखे बेंगळुरूनं १९९७ मध्ये काढले, १२५ कोटींचे, राज्याच्या हमीवर. पुढच्याच वर्षी अहमदाबादनं हमीशिवाय १०० कोटी उभे केले. पुण्यानं २०१७ मध्ये पाण्याच्या योजनेसाठी २०० कोटी उचलले, ७.५९ टक्क्यांनी. घरपट्टी थकलेल्या गावाला इतक्या स्वस्तात कोण देईल?

टिळकवाडी : माझी खरी तक्रार ‘निधी’ या शब्दावर आहे. अनुदान आलं, निधी. कर्ज आलं, तेही निधी. बेळगाव, हुबळी-धारवाड, गुलबर्ग्याच्या काही वॉर्डांत चोवीस तास पाणी आलं, मीटर बसले, ते जागतिक बँकेच्या कर्जातून. पण बोलताना आपण म्हणतो ‘जागतिक बँकेचा निधी’, जणू कुणी ओटी भरली.

निपाणीची मावशी : स्मार्ट सिटीचं तरी अनुदानच होतं ना? बेळगाव २०१६ च्या पहिल्या वीस शहरांत होतं.

टिळकवाडी : होय मावशी, ते अनुदान. केंद्राचे ५०० कोटी, तेवढेच राज्यानं घालायचे. पण केंद्राची दुसरी एक योजना बघा, ‘राज्यांना भांडवली गुंतवणुकीसाठी विशेष साहाय्य’. २०२०-२१ पासून चालू आहे. २०२४-२५ च्या अर्थसंकल्पात दीड लाख कोटींची तरतूद. नाव साहाय्य, पण ५० वर्षांचं बिनव्याजी कर्ज. व्याज नाही ही सवलत मोठीच, कुणी नाकारत नाही. मुद्दल मात्र नातवंडं फेडणार.

निपाणीची मावशी : मग त्याला ‘बिनव्याजी कर्ज’च लिहा की. आमच्या बचत गटात हातउसनं कुणी साहाय्य म्हणून वहीत मांडलं तर बायका ऐकून घेणार नाहीत.

शहापूरकर : बरोबर मावशी. आणि ‘भांडवली’ हा शब्द त्या नावात शोभेला नाही. त्या पैशातून रस्ता, पूल, जलवाहिनी करायची. पगार भागवायचे नाहीत. पगार, वीजबिल हा महसुली खर्च.

खानापूरवाला : आमच्याकडे महसूल म्हटलं की तलाठीच डोळ्यापुढं येतो. काकांना आता हेही समजवायला लागणार.