लिंकेजच्या कोळशावरचे २० टक्के: २००६ आणि २०२५च्या निकालांचा मेळ कसा लावायचा?

राजूरची भट्टी:
नमस्कार मंडळी. वणीजवळ राजूरला आमची चुनाभट्टी होती. चुनखडीचा थर, कोळशाचा थर, पुन्हा चुनखडी, अशी भट्टी भरायची. कोळसा कमी पडला की दगड आतून कच्चा राहतो, फोडला की लगेच दिसतं. चुना साखर कारखान्यांत जायचा, उसाचा रस निवळायला.

मागच्या महिन्यात बाबांचं कपाट आवरताना २००७च्या डीओंची (कोळसा उचलायच्या डिलिव्हरी ऑर्डरींची) फाईल सापडली. प्रत्येक कागदाच्या कोपऱ्यात पेन्सिलीनं त्यांचं अक्षर: "२०% जादा, हरकत राखून भरले."

मी वाचलं ते असं. १ डिसेंबर २००६ला सर्वोच्च न्यायालयानं अशोका स्मोकलेस प्रकरणात कोळशाचा ई-लिलाव रद्द केला. लगेच १५ डिसेंबरला कोल इंडिया या सरकारी कोळसा कंपनीचं अंतरिम धोरण आलं: वीज, पोलाद अशा गाभा क्षेत्रात न बसणाऱ्या लिंकेजधारकांना (ज्यांना ठरावीक कोळसा मंजूर आहे अशा गिऱ्हाइकांना) अधिसूचित, म्हणजे कंपनीनं जाहीर केलेल्या, दरावर २० टक्के जास्त. मुंबई उच्च न्यायालयानं ही वाढ रद्द केली, आणि सप्टेंबर २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो निकाल फिरवून वाढ कायम केली. विक्रेता तोच, कोर्ट तेच. मग लिलाव चूक आणि २० टक्के बरोबर, हे कसं? आणि "हरकत राखून" याला आता काही अर्थ आहे का?

कोर्टाची पायरी:
भाऊ, दोन्ही वेळी प्रश्न वेगळा होता. लिलावात एकाच प्रतीचा कोळसा दोन सारख्या गिऱ्हाइकांना दोन भावांनी जातो, आणि उद्या काय भाव पडेल हे भट्टीवाल्याला आज माहीत नसतं. सरकारी मक्तेदारानं रास्त दर सोडून जो जास्त बोली लावेल त्याला माल द्यावा, हे कोर्टाला राज्यघटनेच्या कलम १४मध्ये, म्हणजे समानतेच्या हक्कात, बसलं नाही. २० टक्के मात्र ठरलेले होते, त्या वर्गातल्या सगळ्यांना सारखे. विजेचा कोळसा महागला तर झळ घरोघर पोचते, म्हणून वर्गवारीलाही आधार आहे असं धरलं गेलं. आणि १ जानेवारी २०००पासून कोळशाचा दर सरकार बांधून देत नाही, कंपनीच ठरवते.

पैशांचं म्हणाल तर बाबांनी याचिका केली नसेल तर वसुलीची तीन वर्षांची मुदत केव्हाच संपली. केली असेल तरी या निकालानंतर हाती काही लागेल असं मला वाटत नाही.

राजूरची भट्टी:
काका, समजलं, पण पटत नाही. टनाला हजार रुपये धरले तरी १६ टनांच्या एका ट्रकमागे ३,२०० रुपये जास्त. वीज सगळ्यांना लागते, तशी साखरही लागतेच की! १९७३च्या राष्ट्रीयीकरणानंतर आमच्यासारख्यानं दुसऱ्या कोणाकडे जायचं होतं? वर्गवारी करताना हे मोजायला हवं होतं.

खातेवही:
दादा, "दुसरा विक्रेताच नाही" हा मुद्दा स्पर्धा आयोगापुढे जास्त चालतो. महानिर्मिती या राज्याच्या वीज कंपनीनं तिथे तक्रार केली होती, करारातल्या अटी आणि कोळशाच्या नमुना तपासणीबद्दल. २०१३मध्ये कोल इंडियाला १,७७३.०५ कोटींचा दंड झाला. अपिलात तो आदेश रद्द झाला, फेरसुनावणीनंतर २०१७मध्ये ५९१.०१ कोटींचा दंड लागला. राष्ट्रीयीकृत कंपनीला स्पर्धा कायदाच लागू नाही असं कोल इंडियाचं म्हणणं होतं. १५ जून २०२३ला सर्वोच्च न्यायालयानं ते फेटाळलं. तुमच्या फाईलला मात्र याचा उपयोग नाही, कारण वर्चस्वाच्या गैरवापराचं कलम २० मे २००९ला अमलात आलं.

राजूरची भट्टी:
ही तारीख मला ठाऊक नव्हती, आभारी आहे. बाबांचे कागद स्कॅन करून ठेवतोय. २००५-०६मधल्या लिलावाच्या खरेदीचे डीओ कुणाकडे असतील तर दर सांगा. अधिसूचित दर, लिलावाचा दर आणि २० टक्के जास्तीचा दर, तिन्ही शेजारी मांडून बघायचे आहेत.