शब्दचर्चा: तरवड म्हणजेच तरोटा का?

वऱ्हाडची लेक
माझं माहेर अकोल्याचं, सासर सोलापूर जिल्ह्यातलं. घट बसायच्या आदल्या दिवशी सासूबाई म्हणाल्या, ‘माळेला तरवडाची फुलं लागतील.’ आमच्या वऱ्हाडात तरोटा म्हणजे पावसाळ्यात आपोआप उगवणारी भाजी, आणि तिचीही फुलं पिवळीच. तरवड आणि तरोटा ही एकाच शब्दाची दोन रूपं आहेत का? आणि पुण्याकडचे लोक टाकळा म्हणतात तो यातला कोणता?

माणदेशी
ताई, तरोटा आणि टाकळा एकच. तरवड निराळा. दोघं एका कुळातले आहेत, म्हणून फुलांवरून गल्लत होते. पण टाकळा पावसाबरोबर येतो आणि हिवाळ्यात वाळून जातो. तरवड झुडूप आहे, वर्षानुवर्षं टिकतं. आमच्या माण-खटावच्या माळावर कुसळाशिवाय काही उरत नाही तेव्हाही तरवड हिरवा असतो. शेरडं-मेंढरं त्याला सहसा तोंड लावत नाहीत, म्हणून चराईच्या रानातही तो तगून राहतो.

ओळखायचं असेल तर पान हातात घ्या. टाकळ्याच्या पानाला छोट्या पानांच्या तीनच जोड्या असतात, तरवडाला साधारण आठ ते बारा. टाकळ्याची शेंग लांब, बारीक, वाकडी. तरवडाची चपटी आणि कागदासारखी पातळ. उजेडात धरली तर आतलं एकेक बी मोजता येतं.

वनस्पतीवाला
माणदेशींनी सांगितलं त्यात एक खूण घालतो. पानाचा देठ फांदीला जिथे चिकटतो, तिथे तरवडाला दोन गोलसर हिरवे कान असतात. पान मोठं झालं तरी ते गळत नाहीत. वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनिअसने 1753 मध्ये या झुडपाचं नाव ‘कॅशिया ऑरिक्युलाटा’ ठेवलं, त्यातलं ऑरिक्युलाटा म्हणजे कानवाली. पुढे ते कॅशियातून सेना या प्रजातीत गेलं, कान मात्र नावात राहिले. फुलं नसताना, ऐन उन्हाळ्यातही, एवढ्या एका खुणेवर तरवड ओळखू येतो.

फूलही जवळून बघा. पाच पिवळ्या पाकळ्या, कडा किंचित चुरगळलेल्या, आत नारिंगी शिरा. फुलात मध नसतो, भुंगे फक्त परागासाठी येतात. पराग एका बारीक भोकातून बाहेर पडतो. मोठा काळा भुंगा पुंकेसराला धरून अंग थरथरवतो, तेव्हा तो झडतो. सकाळी झुडपापाशी उभं राहिलं तर तो आवाज नीट ऐकू येतो.

बार्शीकर
या शब्दाची दुसरी बाजूही नोंदवायला हवी. आमच्या घरात दोन पिढ्यांपूर्वी कातडं कमावण्याचं काम होतं. आजोबांच्या बोलण्यात ‘तरवड’ म्हणजे झाड कमी आणि साल जास्त. ‘तरवड आणला का?’ म्हणजे साल आणली का. कातडं चुन्यात टाकून केस काढायचे, मग धुऊन सालीच्या पाण्यात मुरवायचं. काही ठिकाणी कातड्याचीच पिशवी शिवायची, तिच्यात साल आणि पाणी भरून ती टांगून ठेवायची. बाभळीची सालही वापरत, हिरडाही. विहिरीवर चालणारी मोट आणि पाणी वाहणारी पखाल ही अशाच कमावलेल्या कातड्याची. मोटा गेल्या, बाहेरून वॅटल नावाच्या परदेशी बाभळीची साल आली, कारखान्यांत रसायनं आली, आणि हा अर्थ मागे पडला. कोशात तरवडापुढे नुसतं ‘एक झुडूप’ एवढंच लिहिणं मला अपुरं वाटतं. ज्यांच्या हातांनी ही साल कुटली, त्यांची बोली त्यात यायलाच हवी.

वैद्यबुवा
बार्शीकर, तुमच्या म्हणण्याला संस्कृतचाही आधार आहे. निघंटूत, म्हणजे औषधी वनस्पतींच्या जुन्या कोशांत, याला आवर्तकी म्हटलंय आणि चर्मरंगा असंही नाव दिलंय. म्हणजे कातड्याशी असलेलं नातं फार जुनं. गुजरातीत याला आवळ म्हणतात, त्याचा आपल्या आवळ्याशी संबंध जोडू नये. सोनामुखीही वेगळी. ती याच कुळातली, पण पोट साफ करायला देतात ती. तरवड म्हणून सोनामुखी किंवा उलट, असं घरगुती औषधात कृपया करू नका.

देगलूरचा
आमच्याकडे सीमेवर दोन्ही नावं चालतात, तरवड आणि तेलुगू तंगेडू. पलीकडे हे तेलंगणाचं राज्यफूल आहे. आपल्याकडे घट बसतात त्याच दिवसांत तिकडे बतुकम्मा मांडतात, फुलांचे थरावर थर रचून. त्यात तंगेडूचा पिवळा थर हवाच. इकडे माळ, तिकडे थर. त्या दिवसांत माळावर एवढं भरभरून फुललेलं दुसरं काय असतं?

वऱ्हाडची लेक
सगळ्यांचे मनापासून आभार. आता लिंगाचं सांगा. सासूबाई ‘तो तरवड’ म्हणतात, शेजारच्या काकू ‘ती तरवड’. आणि अंगणात लावायचा तर रोप मिळतं का?

माणदेशी
आमच्याकडे तो तरवड, तरवडाची फुलं, तरवडाचं रान. लिहिताना मी हेच वापरेन, कारण ‘तरवडाची माळ’ सगळीकडे असंच म्हणतात. काकूंचा ‘ती’ त्यांच्या गावचा असेल तर तोही नोंदवा, खोडू नका.

रोपवाटिकेत ‘कॅशिया’ मागू नका, काशीद नाहीतर गुलाबी कॅशिया गळ्यात पडेल. त्यापेक्षा दिवाळीनंतर माळावरच्या वाळलेल्या शेंगा आणा. बियांचं कवच टणक असतं. गरम पाणी ओतून रात्रभर तशाच ठेवा, फुगतील त्या पेरा. पाणी साचणारी जागा तेवढी टाळा, मुरमाड कोपरा असेल तर तिथेच लावा.