सूक्ष्मदर्शकाच्या एकाच दृश्यक्षेत्रात पिवळ्या आणि निळ्या सुया : अहवालात काय लिहावे?

प्रश्न
गुडघा अचानक सुजलेल्या एका रुग्णाच्या सांध्यातील द्रव मी काढल्या काढल्या काचपट्टीवर घेऊन ध्रुवित (एकाच दिशेत कंप पावणाऱ्या) प्रकाशाखाली पाहिला. दोन्ही टोकांना निमुळते, सुईसारखे स्फटिक लख्ख चमकत होते आणि काही तर पांढऱ्या पेशींच्या पोटातच होते. लाल कॉम्पेन्सेटर (पार्श्वभूमी किरमिजी करून स्फटिकांना रंग देणारी पट्टी) घातल्यावर मात्र काही सुया पिवळ्या, तर काही निळ्या दिसल्या. युरेट (गाऊट या सांधेविकारातील यूरिक अ‍ॅसिडचे स्फटिक) पिवळे आणि कॅल्शियम पायरोफॉस्फेट (सांधा सुजवणारे दुसरे स्फटिक) निळे, असे पाठ केलेले असल्यामुळे दोन्ही आहेत असे लिहावे का? रक्तातील यूरिक अ‍ॅसिडही मर्यादेतच आहे.

प्रतिसाद १
पाठ केलेल्या वाक्याचा उत्तरार्ध सुटला आहे. नुसत्या रंगावरून स्फटिक ठरत नाही. तो कोणत्या दिशेला असताना तसा दिसतो, हे पाहावे लागते. कॉम्पेन्सेटरवर मंद अक्षाची, म्हणजे ज्या दिशेत कंप पावणारा प्रकाश त्यातून सर्वांत सावकाश जातो तिची, खूण कोरलेली असते. सुईची लांबी त्या अक्षाला समांतर असताना युरेट पिवळे आणि काटकोनात असताना निळे दिसते. पायरोफॉस्फेटचे नेमके उलट असते. एकच पिवळी सुई मधोमध आणा आणि स्टेज (काचपट्टी ठेवायचा फिरता मंच) ९० अंशांनी फिरवून पाहा.

प्रतिसाद २
वरील उत्तराशी सहमत आहे, पण मी रंगाआधी आकार आणि चमक पाहतो. पायरोफॉस्फेटचे स्फटिक आखूड कांडीसारखे किंवा समभुज चौकोनी असतात, मंद चमकतात आणि पुष्कळदा मुळीच चमकत नाहीत, म्हणून तेच क्षेत्र साध्या प्रकाशातही पाहिल्याशिवाय ते नाहीत असे लिहू नये. सांध्यात अलीकडे स्टिरॉइडचे इंजेक्शन दिले होते का, हेही विचारून घ्या, कारण त्याचे कण झगझगीत चमकतात आणि भल्याभल्यांना फसवतात. (हातमोज्यांच्या पावडरीतील स्टार्चवर फुलीची खूण दिसते, ती एकदा पाहिली की विसरत नाही.) नमुना लिथियम हेपॅरिनच्या (गोठू न देणाऱ्या द्रव्याच्या) नळीत घेतला असेल, तर त्या हेपॅरिनचेच स्फटिक दिसू शकतात.

प्रतिसाद ३
गाऊटच्या झटक्यात रक्तातील यूरिक अ‍ॅसिड मर्यादेत असू शकते, त्यामुळे त्या आकड्यावरून निदान खोडू नये. मॅकार्टी आणि हॉलंडर यांनी १९६१ साली सांध्यातील द्रवात युरेट ओळखून दाखवले, तेव्हापासून खात्रीचा पुरावा स्फटिकच मानला जातो. मात्र स्फटिक सापडले म्हणून जंतुसंसर्ग नाही असे ठरत नाही. दोन्ही एकाच सांध्यात असू शकतात. ग्रॅम स्टेन (जंतू रंगवून पाहण्याची तपासणी) आणि कल्चर (जंतू वाढवून पाहण्याची तपासणी) केले आहे ना?

प्रश्नकर्ता
कल्चर पाठवले आहे; ग्रॅम स्टेनमध्ये जंतू दिसले नाहीत. इंजेक्शन पूर्वी कधीच दिलेले नव्हते. सांगितल्याप्रमाणे एक पिवळी सुई मधोमध आणून स्टेज फिरवली, तेव्हा ४५ अंशांवर ती पार्श्वभूमीच्या किरमिजी रंगात दिसेनाशी झाली आणि ९० अंशांवर निळी होऊन पुन्हा उमटली. निळ्या सुया उलट क्रमाने पिवळ्या झाल्या. अहवालात पेशींच्या आत आणि बाहेर युरेट स्फटिक असल्याचे लिहिले असून कल्चर प्रलंबित असल्याची नोंद केली आहे.