कोकणात राहून टीव्हीसाठी विनोदी लेखन, पुढे निर्मिती: सुरुवात कुठून?

सुरंगी: वेंगुर्ल्यात एकांकिका लिहिते. आता टीव्हीच्या विनोदी मालिकेकडे वळायचंय, पुढे निर्मातीही व्हायचंय. चॅनेलला नेमकं काय पाठवायचं? मालवणी किती ठेवायची? कल्पना चोरीला जाऊ नये म्हणून काय करावं?

रंगपेटी: सुरंगीताई, आधी चोरीचं. नुसत्या कल्पनेला कॉपीराइट नसतो, लिहिलेल्या मांडणीला असतो. म्हणून तोंडी दोन ओळी सांगायला जाऊ नका. मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचं सभासदत्व घ्या, संहिता ऑनलाइन नोंदवा, मगच मेल करा. फाइलमध्ये पानभर संकल्पना, पात्रांची ओळख, दहा भागांच्या थोडक्यात गोष्टी आणि एक पूर्ण भाग संवादांसह. अर्ध्या तासाच्या स्लॉटमध्ये जाहिराती सोडून साधारण 22 मिनिटं उरतात, तेवढाच लिहा. करारात रॉयल्टीचं कलम नीट वाचा. कॉपीराइट कायद्यातल्या 2012 च्या दुरुस्तीनंतर रॉयल्टीचा हक्क वारस किंवा कॉपीराइट सोसायटी सोडून कुणालाच देऊन टाकता येत नाही.

खळ्यातला: मालवणी ठेवाच, हेल तिथेच आहे. ‘खंय’ (कुठे), ‘कित्याक’ (कशाला), ‘इलंय’ (आलोय) हे प्रसंगावरून कळतं. अडतात ती नामं. त्यांचा अर्थ समोरच्याच्या उत्तरातून कळू द्या: “चेडवाक इचारलंस?” “पोरीला काय विचारायचं त्यात?”

आणि एक गोष्ट फार जणांच्या हातून सुटते. मराठीत क्रियापद शेवटी येतं, त्यामुळे हशाचा शब्द मधे अडकतो. “बंड्या होडीतून पडला तेव्हा त्याच्या हातात उधारीची वही होती” यात ‘होती’ने हशा मारला. असं करा: “बंड्या पडला पाण्यात, पण हात वर! हातात काय? उधारीची वही.” यानंतर त्या पात्राला लगेच वाक्य देऊ नका, नटाला बघायला जागा ठेवा.

नेपथ्य: अमेरिकेत स्टाफ रायटर, स्टोरी एडिटर, प्रोड्युसर अशा पायऱ्या चढत लेखकच शोरनर, म्हणजे मालिकेचा सर्वेसर्वा होतो. आपल्याकडे निर्माता म्हणजे बहुधा पैसा उभा करणारा, म्हणून लेखकाने खर्च शिकून घ्यावाच लागतो. पडवी आणि खळं (घरापुढचं अंगण) अशा दोन कायमच्या जागा, पाच-सहा नट, एवढ्यात पहिले भाग बसवा. प्रत्येक नव्या जागेला लाइट पुन्हा लावण्यात वेळ जातो. जून ते सप्टेंबर पत्र्याखाली शूटिंग नको. पावसाच्या आवाजात ध्वनी वाया जातो, मग डबिंग, आणि डबिंगमध्ये विनोदाचं टायमिंग हमखास सैल पडतं. किनाऱ्यावरचा प्रसंग एकाच दिवशी उरका. भरती रोज साधारण 50 मिनिटं पुढे सरकते, दुसऱ्या दिवशी त्याच वेळेला पाण्याची रेषा जुळत नाही. दशावतारी नट घेणार असाल तर दिवाळीनंतर जत्रांच्या हंगामात ते रात्रभर रंगमंचावर असतात. त्यांना सकाळची शिफ्ट लावू नका, दुपारी दोननंतर बोलवा.