लग्न न झालेल्या नटीच्या ‘मिसेस’ला मराठीत काय म्हणायचं?

खडीसाखर:
मंडळी, अडलेय. लंडनच्या रंगभूमीवर बायका पहिल्यांदा आल्या त्या काळावरच्या एका लेखाचा अनुवाद करतेय, दिवाळी अंकासाठी. तोवर तिथे बायकांची कामं पोरंच करायची, मग दुसरा चार्ल्स गादीवर आला, बंद पडलेली थिएटरं उघडली आणि ८ डिसेंबर १६६० ला शेक्सपिअरच्या ‘ऑथेल्लो’तल्या डेस्डिमोनाच्या कामात खरीखुरी बाई उभी राहिली. त्यानंतरच्या सगळ्या नट्या कागदोपत्री ‘मिसेस’ आहेत, मिसेस बॅरी, मिसेस ब्रेसगर्डल वगैरे. मी सरळ ‘सौ. ब्रेसगर्डल’ लिहिलं. मुद्रितं तपासणाऱ्या काकांनी ते खोडून ‘कु.’ केलं, कारण ॲन ब्रेसगर्डलने लग्नच केलं नाही. त्यांचं बरोबरच आहे, पण लंडन गाजवणाऱ्या बाईला ‘कु.’ लावलं की दहावीच्या गुणपत्रिकेवरचं नाव वाटतं. काय लिहू?

तळ्यात_मळ्यात:
मिसेस तसंच ठेवा की. सगळ्यांना कळतं.

खडीसाखर:
कळतं म्हणूनच पंचाईत आहे ना. आपल्याकडे ‘माझी मिसेस’ म्हणजे बायको, दुसरा अर्थच नाही. वाचक पुढे मिस्टर ब्रेसगर्डल शोधत बसेल.

उंबरठा:
मुळात त्या काळी त्या शब्दाचा लग्नाशी संबंध नव्हता. मिसेस हे मिस्ट्रेसचं आखडलेलं रूप, मिस्ट्रेस म्हणजे मालकीण, घर किंवा दुकान जिच्या हुकमाने चालतं ती. वयात आलेल्या, मान द्यायच्या कुठल्याही बाईला लावायचे. उलट ‘मिस’ म्हणणंच वाईट होतं. जॉन इव्हलिनच्या रोजनिशीत जानेवारी १६६२ ची नोंद आहे, एका गाजलेल्या नटीबद्दल लिहितो की ही आता ऑक्सफर्डच्या अर्लची ‘मिस’ झाली म्हणतात, आणि वर सांगतो की असल्या बायकांना हल्ली मिस म्हणायला लागलेत. म्हणजे तुमच्या काकांचं ‘कु.’ त्या काळात ब्रेसगर्डलला शिवीसारखं लागलं असतं. आणि ती तर अब्रूला जपणारी म्हणून प्रसिद्ध, १६९२ मध्ये एका कॅप्टनने तिला भररस्त्यात पळवायचा प्रयत्न केला, ते फसलं तेव्हा तिच्यासोबत काम करणाऱ्या माउंटफर्ट नावाच्या नटाचा त्यात खून झाला.

सांजवात:
आणि पुढे मिस्ट्रेसचाच अर्थ ‘ठेवलेली बाई’ झाला! आपल्याकडे नाटकशाळेचं काय झालं बघा. पेशवाईतली नाटकशाळा म्हणजे शाळा नव्हे, सरदाराने बाळगलेली बाई. गाणारी-नाचणारी बाई म्हटली की भाषा तिला कुणाच्या तरी मालकीची करूनच सोडते, मला याचा फार राग येतो. ‘नटी’चंही तेच. संस्कृत नाटकात सूत्रधाराच्या शेजारी मानाने उभी असायची ती नटी, आज कुणाला नटी म्हणून बघा, अभिनेत्री म्हटल्याशिवाय मान नाही.

पाटीपेन्सिल:
गंमत सांगतो. मास्तर आला इंग्रजी मास्टरवरून, मिस्त्री आला पोर्तुगीज मेस्त्रवरून, आणि मास्टर, मेस्त्र, मिस्ट्रेस हे तिन्ही लॅटिन मॅजिस्टरच्या घरातले. म्हणजे आमचा गवंडी, आमचे मास्तर आणि ब्रेसगर्डलची मिसेस सगळे चुलत भावंडं. म्हणून माझं मत, ‘बाई’ लिहा. मास्तरला जोड बाईचीच. आम्हाला चौथीला ज्या होत्या त्यांचं लग्न झालेलं की नाही हे आम्हाला शेवटपर्यंत माहीत नव्हतं, त्या नुसत्या ‘बाई’ होत्या.

खडीसाखर:
ब्रेसगर्डलबाई! हे कानाला बरं लागतंय. हिराबाई, ज्योत्स्नाबाई, रंगभूमीवर तर हीच रीत आहे.

तळ्यात_मळ्यात:
माझ्या मुलीला ‘बाई’ म्हटलं की भांडी घासणारी मावशीच आठवते. ‘आज बाई आली नाही’ हे वाक्य घरोघरी रोजचं. शाळेत टीचर, नाहीतर मॅम. हे लक्षात घ्या. ‘श्रीमती’ लिहा, सरकारी पत्रात लग्नाचं न बघता तेच चालतं.

सांजवात:
सरकारी पत्रात चालत असेल. माझ्या मावशीला एका लग्नपत्रिकेवर ‘श्रीमती’ आलं तेव्हा काका हयात होते, ती दोन दिवस जेवली नाही. गावाकडे अजूनही श्रीमती म्हणजे नवरा गेलेली.

शुद्धमती:
घरकामाला येणाऱ्या बाईला बाई म्हणतात म्हणून शब्द टाकून द्यायचा हे मला पटत नाही. कमी झालं असेल तर आपल्या बोलण्यातलं आदबीचं प्रमाण कमी झालंय, शब्दाचं काही बिघडलेलं नाही.

उंबरठा:
मूळ लेखात पुरुषवेशातल्या कामांबद्दल असेलच, त्याला काय शब्द केलात? १६६० ते १७०० मध्ये लंडनला जी ३७५ च्या आसपास नाटकं आली त्यातल्या ८९ मध्ये नटीला पुरुषी तुमानीत उभं केलंय. घेरदार झग्यात पायाचा घोटा दिसायची मारामार, म्हणून पोटऱ्या बघायला गर्दी.

खडीसाखर:
‘पुरुषपार्टी’ केलंय. स्त्रीपार्टीच्या चालीवर.

शुद्धमती:
नको. स्त्रीपार्टीच मुळात इंग्रजी पार्टला आपला ईकार लावून केलेला शब्द. ‘पुरुषभूमिका’ म्हणा.

पाटीपेन्सिल:
स्त्रीपार्टी या शब्दात बालगंधर्व आहेत हो, त्याला धक्का लावू नका. लंडनचा एडवर्ड किनॅस्टन, बायकांची कामं करणारा, त्याला स्त्रीपार्टी नाही म्हणायचं तर काय? आणि कमलाबाई गोखल्यांनी पुरुषांची कामं केली तेव्हा त्यांना काय म्हणायचे हे कुणी सांगेल का?

उंबरठा:
पण दोन गोष्टी वेगळ्या आहेत. गोष्टीतलीच मुलगी वेष पालटून मुलगा होते हे एक, ड्रायडनच्या नाटकात नेल ग्विनने १६६७ ला केलं ते. आणि पेग वॉफिंग्टनने १७४० मध्ये सर हॅरी वाइल्डेअर हा सबंध पुरुषच उभा केला हे दुसरं. पुरुषपार्टी फक्त दुसऱ्याला.

खडीसाखर:
थांबा, नेलवरून आठवलं. आत्ता मसुदा परत वाचला. बॅरीबाई, ब्रेसगर्डलबाई सगळीकडे करून झालं, आणि नेल ग्विन पहिल्यापासून शेवटपर्यंत नुसती ‘नेल’. संत्री विकायची, राजाची झाली, म्हणून मीही तिला एकेरीत टाकलं. त्याच काळात लंडनला राहणाऱ्या सॅम्युएल पीप्सच्या रोजनिशीत ती नेलच आहे, पण छापील नाटकांतल्या पात्रयादीत मात्र मिसेस एलेन ग्विन. तो सगळा परिच्छेद पुन्हा लिहायला घेतलाय. ग्विनबाई लिहू की नेलबाई?