मदत हवी आहे: मुलीची जन्मतारीख शाळेच्या रजिस्टरला चुकली, दुरुस्ती नेमकी कुठे?

करवीर_पालक: मुलगी नववीत. शाळेत ०१/०६/२०११ लागली आहे, खरी तारीख १४/०९/२०११. शाळा म्हणते जिल्हा परिषदेत जावा, तिथं गेलो तर म्हणतात शाळेमार्फत या. ग्रामपंचायतीत नोंदच सापडत नाही. फॉर्म कुठला भरायचा तेवढं सांगा, लवकर.

पंचगंगा_काठ: गॅझेट (सरकारी राजपत्रात प्रसिद्धी) करून टाका. ऑनलाइन अर्ज भरायचा, काम संपलं.

जनरल_रजिस्टर: गॅझेटनं तारीख सिद्ध होत नाही, फक्त प्रसिद्ध होते. तो खर्च आत्ता करू नका. पालकांनी आधी सांगावं: पहिलीला नाव कुठल्या शाळेत घातलं? जन्म घरी की दवाखान्यात? १ जून तारीख बघून वाटतंय, प्रवेशावेळी जन्मदाखला दिलाच नसणार. पूर्वी अशी तारीख सर्रास लावायचे.

करवीर_पालक: चौथीपर्यंत गावातली जिल्हा परिषद शाळा, पाचवीपासून शहरात हायस्कूल. जन्म सीपीआरचा, म्हणजे कोल्हापुरातल्या सरकारी दवाखान्यातला.

जनरल_रजिस्टर: मग ग्रामपंचायतीत सापडणार कशी? जन्म जिथं झाला तिथं नोंद. सीपीआर शहरात आहे, म्हणून दाखला कोल्हापूर महापालिकेच्या जन्म-मृत्यू नोंदणी विभागात मिळेल. त्यावर बाळाचं नाव नसेल तर आधी नाव घालून घ्या. नोंदणीपासून १५ वर्षांच्या आत ते होतं, तुमच्याकडं फार दिवस उरलेले नाहीत.

दुरुस्ती मूळ शाळेपासून सुरू होते. हायस्कूलनं गावच्या शाळेच्या शाळा सोडल्याच्या दाखल्यावरूनच तारीख उतरवली आहे, ते परस्पर बदलू शकत नाहीत. गावच्या मुख्याध्यापकांकडं अर्ज द्या. सोबत जन्मदाखला, प्रवेश निर्गम उतारा (शाळेच्या जनरल रजिस्टरमधल्या नोंदीची प्रत), पहिलीचा प्रवेश अर्ज मिळाला तर त्याची प्रत, हायस्कूलचं बोनाफाईड, पालकाचं प्रतिज्ञापत्र. मुख्याध्यापक प्रस्ताव करून करवीर पंचायत समितीत गटशिक्षणाधिकाऱ्यांकडं पाठवतील. लेखी आदेश आल्यावरच रजिस्टरला हात लावायचा: जुनी तारीख वाचता येईल अशी ठेवून लाल शाईनं नवी, शेजारी आदेश क्रमांक, दिनांक, सही-शिक्का. व्हाइटनर लावलं तर उतारा संशयास्पद ठरतो. मग शाळा सोडल्याचा दुरुस्त दाखला हायस्कूलला द्या. ते माध्यमिक शिक्षणाधिकाऱ्यांची मान्यता घेऊन आपलं रजिस्टर बदलतील.

नागाळा_पार्क: प्रतिज्ञापत्राला ५०० चा स्टॅम्प लागेल.

जनरल_रजिस्टर: सरकारी कार्यालयात सादर करायच्या अशा प्रतिज्ञापत्राला मुद्रांक शुल्क माफ आहे. साध्या कागदावर करा.

पंचगंगा_काठ: पण पोरीनं प्राथमिक शाळा सोडली की! शाळा सोडल्यावर तारीख बदलत नाही, हा नियम आहे.

दसरा_चौक: अर्धाच नियम सांगताय. माध्यमिक शाळा संहितेतला हा नियम, २६.४, उघड चुकीला आडवा येत नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठातल्या पूर्णपीठानं २०१९ मध्ये तेच स्पष्ट केलंय. आणि ही मुलगी अजून शिकतेच आहे. खरी अडचण वेगळीच येते: नव्या तारखेनं पहिलीला वय किती होतं, हे विचारतात. इथं साडेतीन महिन्यांचाच फरक आहे, तरी उत्तर तयार ठेवा. जन्मदाखल्यावरची नोंदणीची तारीखही बघा. जन्मानंतर लगेचची नोंद असेल तर कुणी शंका घेत नाही. शाळाप्रवेशानंतर केलेली उशिराची नोंद असली की जास्त पुरावे मागतात.

राजारामपुरी_९वी_गल्ली: आधारवर जन्मतारीख एकदाच बदलता येते, ध्यानात ठेवा.

करवीर_पालक: आधारवर बरोबर आहे ओ. शाळेची तारीख त्याच्याशी जुळत नाही, त्यामुळंच अपार आयडी (विद्यार्थ्याचा कायमचा ओळख क्रमांक) अडकलाय.

दसरा_चौक: हे आधी सांगायला हवं होतं. मग आधारला हातच लावू नका. रजिस्टर दुरुस्त झालं की हायस्कूल यूडायस प्लसला (शाळांच्या माहितीचं सरकारी पोर्टल) तारीख बदलेल, मग अपार होईल. कुणी रजिस्टर सोडून आधी पोर्टलवर बदलायला सांगितलं तर ऐकू नका, दाखल्यावर परत जुनीच तारीख येईल.

पंचगंगा_काठ: दहावीनंतर बोर्डाकडून एकदमच करून घेतलं तर?

जनरल_रजिस्टर: बोर्डसुद्धा शाळेमार्फतच प्रस्ताव घेतं आणि जनरल रजिस्टरचा उताराच मागतं. वर प्रमाणपत्र बदलायचं काम वाढतं. दहावीचा फॉर्म भरायच्या आत उरका, आणि प्री-लिस्ट (बोर्डाकडून तपासायला येणारी विद्यार्थ्यांची यादी) आली की तारीख स्वतः वाचूनच सही करा.

करवीर_पालक: बरं. उद्या महापालिकेत जातो. उतारा गावच्या शाळेत तोंडी मागितला तर चालतो की अर्जच?

जनरल_रजिस्टर: लेखी अर्ज. दोन प्रती न्या, एकीवर पोच घ्या.