ज्याँ द्युजार्दँ: ऑस्करनंतर पुढे गेला की वाट सोडली?

रविकिरण:
2012 साली 'द आर्टिस्ट' या मूकपटासाठी ज्याँ द्युजार्दँला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं ऑस्कर मिळालं. ते मिळवणारा तो पहिला फ्रेंच नट. तेव्हापासून 'टीव्हीवरचा विनोदी नट कुठच्या कुठे पोचला' हेच सगळीकडे वाचायला मिळतं. मला हे पटत नाही. त्याचं अस्सल काम ऑस्करच्या आधीचं आहे.

1999 ते 2003 मध्ये फ्रान्स 2 या वाहिनीवर 'अँ गा, युन फीय' ही विनोदी मालिका लागायची, रात्री आठच्या बातम्यांआधी. काही मिनिटांचा भाग, एक जोडपं आणि त्यांची कुरबुर. बाकीच्या पात्रांचे चेहरे चौकटीत येतच नाहीत, त्यामुळे सगळा भार तो आणि अभिनेत्री आलेक्सांद्रा लामी यांच्यावर. तिथे तो घडला. मग 2006 चा 'ओएसएस 117', हेरपटांची टर उडवणारा सिनेमा. कैरोत हेरगिरी करायला आलेला हा बाबा वरवर कोंबड्यांचा व्यापारी. दिवा लावला की कोंबड्या कलकलाट करतात, बंद केला की चिडीचूप. हे कळल्यावर तो नुसतं बटण दाबत बसतो आणि चेहऱ्यावर काय तो आनंद! 'जाक्यूझ' या गंभीर सिनेमातला (2019) कर्नल पिकार दुसऱ्या चांगल्या नटानेही केला असता. कोंबड्यांचं हे नसतं जमलं.

मृदगंध:
साफ चूक. 'द आर्टिस्ट' आणि 'ओएसएस 117' दोन्हींचा दिग्दर्शक मिशेल हझानाविसियस, नायिकाही तीच, बेरेनिस बेजो. ती उचललेली भुवई, ते दात दाखवून हसणं तिथूनच आलंय. मग वाट सोडली कुठे?

आणि पिकारला इतकं स्वस्तात काढू नका. त्या माणसाच्या मनात स्वतःच ज्यूंबद्दल आकस आहे, तरी देशद्रोहाचा आरोप असलेला ज्यू अधिकारी ड्रेफस निर्दोष आहे हे कळल्यावर तो मागे हटत नाही. द्युजार्दँ त्यात एकदाही प्रेक्षकाला लाडीगोडी लावत नाही. ज्याची सगळी पुंजीच लोकांना आवडण्यात आहे, त्याच्यासाठी हे फार अवघड.

सह्यगिरी:
मी रविकिरणच्या बाजूने. 'द आर्टिस्ट'साठी त्याला फ्रान्समधलंच सेझार, म्हणजे तिथलं ऑस्कर, मिळालं नाही. ते ओमार सी या नटाने नेलं, तेही हसवणाऱ्या भूमिकेसाठी. तोसुद्धा टीव्हीवर विनोदी प्रहसनं करतच वर आलेला. म्हणजे विनोदाला तिथे मान आहेच, गंभीर व्हायची सक्ती नव्हती.

रविकिरण:
सेझारचा मुद्दा बरोबर. मृदगंध, भुवई तीच हे मान्य. पण 'ओएसएस 117'मध्ये तो माणूस म्हणून हास्यास्पद आहे, वसाहतवादी घमेंडीने भरलेला. झोपमोड होते म्हणून अजान थांबवायला जातो! 'द आर्टिस्ट'मध्ये त्याच चेहऱ्याला नुसतं गोड केलंय. धार गेली.

मृदगंध:
धार हवी तर त्याचा 'ल दँ' हा सिनेमा बघा, 2019 चाच. हरणाच्या कातड्याच्या जाकिटापायी एक माणूस खुनापर्यंत जातो. आधी हसू येतं, मग भीती वाटते. ते बघून इथे परत या, मग बोलू.